पागोटं म्हणते

या लेखात देशमुखाला मी 'तो' म्हणणार आहे आणि त्याच्या गड्याला 'ते'. ज्यांना हे खटकेल त्यांनी इथंच पान उलटावं, मागाहून पत्रं पाठवू नयेत. आमच्या गावात कारभार उलटा होता. देशमुखाच्या घरचं शेंबडं पोरही या पन्नाशीच्या माणसाला 'अबे' म्हणून हाक मारायचं आणि हे 'जी' म्हणत धावत जायचे. मी खामगावला कॉलेजात गेलो, तिथं थोडी पुस्तकं आणि ढीगभर पत्रकं वाचली, आणि सुट्टीत घरी आल्यावर पहिलं काम केलं ते म्हणजे त्यांना 'काका' म्हणायला लागलो. पहिल्यांदा हाक मारली तेव्हा त्यांनी मागं वळून पाहिलं. दुसरंच कोणी उभं असेल असं त्यांना वाटलं.

गाव त्यांना पागोटेवाला म्हणायचं. पागोटं त्यांचं नव्हतं, देशमुखाचं होतं. काका ते फक्त धरायचे.

हा काय प्रकार होता ते सांगतो. आमचं गाव वरवट बकालच्या अलीकडं. वतनं गेली, कायदे झाले, मुंबईत आपलं मराठी राज्य आलं, गावात ग्रामपंचायतीचा बोर्डही लागला. पण त्या बोर्डापुढून जाताना लोक पायातल्या वहाणा हातात घ्यायचे, कारण बोर्ड देशमुखाच्या भिंतीवर लावला होता. तर या देशमुखाच्या आजाला म्हणे एकदा एकाच मुहूर्ताची तीन गावांतून आवतनं आली. माणूस एक, लग्नं तीन. म्हणून एका लग्नाला तो स्वतः गेला, दुसऱ्याला तलवार पाठवली आणि तिसऱ्याला पागोटं. तलवारीला बघून नवरी रडायला लागली. पागोटं मात्र सगळ्यांना पसंत पडलं. तेव्हापासून रिवाज पडला. पुढच्या देशमुखांना तर तो इतका मानवला की कुठल्याही लग्नाला पागोटंच जायला लागलं.

पितळी तबकात लाल मखमल, मखमलीवर जरीचं बांधीव पागोटं. ते छकड्यात गादीवर बसणार. काका छकड्याच्या बाजूनं पायी चालणार, हातात छत्री. छत्री पागोट्यावर. वैशाखाचं ऊन, खालचा फुफाटा, काका अनवाणी आणि उघड्या डोक्याचे. मी एकदा विचारलं, "काका, छत्री मोठी हाये, अर्धी तुमच्यावर काऊन धरत नाई?"

"मग पागोटं काय म्हणन?" ते म्हणाले. आणि हसले. हे हसणं पागोट्याला होतं की मला, ते मला बरीच वर्षं कळलं नाही.

मांडवात गेल्यावर पागोट्याला लोड-तक्क्याची बैठक. नवरदेवाचा बाप, मुलीचा बाप, गावचा पाटील, सगळे येऊन त्याच्यापुढं वाकायचे. काका शेजारी उभे, हातात विंझणा. सारा वेळ पागोट्याला वारा घालायचा. पागोटं आहे तिथं त्याच्या गड्यानं बसायचं नाही, हा नियम. आणि सगळ्यात माझं डोकं भडकवणारी गोष्ट म्हणजे जेवण. पहिल्या पंगतीचं पहिलं ताट पागोट्यापुढं. पुरणपोळी, तूप, भजी, कढी, सगळं वाफाळलेलं. ते ताट तसंच राहायचं. पंगतींवर पंगती उठायच्या, वाजंत्री जेवायचे, उष्टी पत्रावळी गोळा करणाऱ्या बायाही जेवायच्या. मग शेवटी काका ते ताट उचलून मागच्या दारी जायचे आणि जेवायचे. मांडवातलं पहिलं ताट आणि मांडवातलं शेवटचं जेवण, दोन्ही एकच. तुपाचं मेण झालेलं, कढीवर साय धरलेली, माशांनी आधी चाखून घेतलेलं.

घरीही तेच. बायको लवकर गेलेली. देशमुखाच्या स्वयंपाकघरात सगळ्यांचं झालं की उरलेलं घेऊन त्यांची लेक वच्छला घरी यायची. थोडक्यात, या माणसानं जन्मात कधी गरम अन्न खाल्लं नव्हतं. आमच्या घरी एकदा मायनं त्यांना तव्यावरची भाकर दिली, तर त्यांनी ती शेजारी ठेवून दिली आणि गप्पा मारत बसले. माय म्हणाली, "खाऊन घ्या ना बापा."

"होऊ द्या," ते म्हणाले. काय होऊ द्यायचं ते आम्हाला कळेना. भाकर पार कडक झाली तेव्हा त्यांनी तुकडा मोडला.

आता त्यांच्या खऱ्या विक्षिप्तपणाकडं येतो. पागोटं बोलायचं.

म्हणजे रिवाजाप्रमाणं त्यानं एकच वाक्य बोलायचं होतं. मुलीचा बाप हात जोडून विचारणार, "सरकारचं काय म्हणणं?" आणि धरणाऱ्यानं सांगायचं, "आशीर्वाद हायेत." काकांच्या बापानं मांडवात जन्मभर एवढंच सांगितलं. काकांनी मात्र त्यात भर घातली. ते कान पागोट्याजवळ न्यायचे, डोळे मिटायचे, मान हलवायचे, जणू आतून कोणी लांबलचक काही सांगत आहे. इतक्या वर्षांत त्यांची मानच डावीकडं कलती झाली होती. मग सरळ होऊन सांगायचे, "पागोटं म्हणते, मांडव झकास हाये. पण ते पाणी भरणाऱ्या पोरी केव्हाच्या उन्हात उभ्या हायेत, त्यायले सावली पाहिजे." लगेच पोरींना सावली. "पागोटं म्हणते, वाजंत्र्यायची पंगत आधी बसवा, फुकून फुकून त्यायची पोटं पाठीले लागली." लगेच वाजंत्र्यांची पंगत. लोकांना वाटायचं, देशमुख घरून सगळं सांगून पाठवतो. देशमुख त्या वेळी घरी बंगईवर, म्हणजे झोपाळ्यावर, घोरत असायचा.

आमच्याच गावच्या एका लग्नात नवरदेव रुसला. सायकल पाहिजे म्हणाला, नाहीतर बोहल्यावर येत नाही. मुलीचा बाप रडकुंडीला आला. भटजी घड्याळ बघायला लागले. नवरदेवाकडचे म्हातारे मिशांवर हात फिरवत बसले होते. तेव्हा काकांनी कान लावला. इतका वेळ लावला की अख्खा मांडव चूप झाला. मग ते सरळ झाले आणि फार दुःखानं म्हणाले, "पागोटं म्हणते, नवरदेव पायानं अधू हाये हे आमाले आधी काऊन सांगतलं नाई?"

"कोण अधू?" नवरदेव ओरडला.

"पागोटं म्हणते, असो. सायकल देऊ. अधू माणसाले लागतेच."

नवरदेव ताडकन उठला आणि ताड ताड चालत बोहल्यावर जाऊन उभा राहिला. जाताना मुद्दाम एक पाय जोरात आपटला, सगळ्यांना दिसावा म्हणून. वऱ्हाडणी पदराआड हसत सुटल्या. लग्न लागलं, सायकलीचं नाव निघालं नाही.

दुसऱ्या दिवशी मुलीचा बाप नारळ आणि शाल घेऊन देशमुखाकडं गेला. मी तिथं होतो. आम्ही बागवान लोक, रोजची वांगी-मिरची-कोथिंबीर देशमुखाच्या मागच्या दारी आमच्याच मळ्यातून जायची. तो बाप पाय धरून म्हणाला, "सरकार, तुमच्या पागोट्यानं माह्यी इज्जत राखली." देशमुखाला सायकल माहीत नाही, नवरदेव माहीत नाही. पण शाल खांद्यावर पडली तशी त्यानं मिशी पिळली. "मग! मी सांगूनच पाठवलं होतं." काका खाली मान घालून अंगण झाडत होते. असं एकदा नाही, नेहमीच व्हायचं. गोष्ट काकांची, नारळ देशमुखाला. हे सगळं ध्यानात ठेवा, पुढं कामाला येणार आहे.

माझ्यासारख्याला हे सहन होणं शक्य नव्हतं. मी खामगावच्या छापखान्यात एक पत्रक छापून घेतलं. ठळक अक्षरात मथळा, 'घरगड्यांनो, ताठ उभे राहा!' ते गावभर वाटलं. काकांना वाचता येत नव्हतं, वच्छलानं वाचून दाखवलं. संध्याकाळी मी गेलो तर काकांनी माझं पत्रक घडी घालून तबकात मखमलीच्या खाली घातलेलं. "कागद जाड हाये," ते म्हणाले, "मखमलीले ओल लागत नाई."

"काका, ते वाचाले दिलं होतं मी! काही पटलं का नाई?"

"पटलं ना. पण बापू, तू लेका त्याच्यात लिवलं, उभे राहा. मी उभाच हावो. माहा बाप उभा होता. बसूच कोण देते? पुढच्या खेपेले लिवजो, बसा म्हणून."

पुढच्या खेपेला मी लिहिलं नाही, कारण पत्रकं काढणाऱ्या आमच्या मंडळातल्या मित्रांना 'बसा' हा मथळा फार मवाळ वाटला. ते चुकले. पण ते असो.

त्या वर्षी देशमुखाच्या मुलीची सोयरीक देऊळगाव राजाकडच्या एका बड्या घरी जमत आली. पुढच्या दारी आनंद झाला, पेढे वाटले. मागच्या दारी मात्र कोणी पेढा तोंडात घालेना. कारण या घराण्यात लेक सासरी जाताना तिच्यासोबत एक पाठराखीण जायची. शब्द किती गोड! ऐकून वाटावं, मैत्रीण आहे, चार दिवस राहून परत येईल. प्रत्यक्षात गड्याच्या घरची एखादी पोरगी उचलून लेकीसोबत द्यायची, भांड्याकुंड्यांसारखी. ती तिथंच राहायची, तिथंच राबायची, तिथंच मरायची. तिच्या लग्नाचं, गावाचं, आईबापाचं कोणी विचारायचं नाही. काकांची थोरली बहीण अशीच देशमुखाच्या आत्यासोबत नागपूरकडं गेली. गेली ती गेली. एकदा कोणी एक जण सांगत आला की ती वारली. केव्हा, ते त्यालाही ठाऊक नव्हतं. आणि तिला दिली होती कोणी? काकांच्याच बापानं. सुपारीच्या बैठकीत पागोट्याशेजारी उभं राहून, 'देतो' म्हणाला होता.

या वेळी पाळी वच्छलाची होती. वच्छला तेव्हा सातवीत. सकाळी देशमुखाच्या घरी मसाला वाटायचा, मग हात धुऊन शाळेत पळायचं. बोटं इतकी तिखट की डोळे चोळायची सोय नाही. सातवीची फायनल परीक्षा द्यायची आणि मास्तरीण व्हायचं, हे तिनं ठरवून टाकलं होतं. देशमुखाचं वेगळं ठरलं होतं. त्याच्या पायाला सूज आलेली, सुपारी फोडायला तो जाऊ शकत नव्हता. जाणार होता त्याचा धाकटा भाऊ, चार नातेवाईक आणि अर्थातच पागोटं. देशमुखानं काकांना बोलावून सांगितलं, "सोयरे विचारतीन, पाठराखीण कोण. सांगजो, वच्छी देतो."

"जी," काका म्हणाले.

त्या संध्याकाळी वच्छलानं बापाला विचारलं, माझ्यासमोर विचारलं, "बा, तूच म्हणशीन का? तुह्या तोंडानं?"

"माह्या तोंडानं कुठं, माय? पागोट्याच्या."

तिनं पाटी भिंतीला टेकवून ठेवली आणि त्यानंतर बापाशी बोलणं टाकलं. मी बोलायचं थांबलो नाही. मी फार बोललो. गुलामगिरी, राज्यघटना, माणुसकी, सगळं काढलं. काका ऐकत राहिले, मान डावीकडं कललेली. शेवटी म्हणाले, "तुहा गळा सुकला असन. पाणी पेतं का?"

निघायच्या दिवशी जीपवरून भांडण झालं. जीपमध्ये पुढची जागा एकच. धाकटा भाऊ म्हणाला मी बसतो, काका म्हणाले पागोटं बसते. भाऊ म्हणाला, "पागोटं मागं ठेव." काकांनी कान लावला आणि सांगितलं, "पागोटं म्हणते, मागं बसून आमी कधी गेलो नाई. आमी एस.टी.नं येतो." भावालाही बरंच वाटलं. अशा रीतीनं खामगावच्या स्टँडवर मला काका भेटले. माझी देऊळगाव राजाला बाजाराच्या दिवशी सभा होती, पिशवीत पत्रकं होती. आमची गाडी एकच.

काकांनी तबक खिडकीजवळच्या सीटवर ठेवलं आणि स्वतः शेजारी उभे राहिले. कंडक्टर आला. "बुढेबा, ते टोपलं उचला, बसा."

"टोपलं नोहे. देशमुखाचं पागोटं हाये. त्याचं तिकीट फाडा."

"पुरं का अर्धं?"

"पुरं. वडीलधारं हाये."

गाडीभर हसू पिकलं. कंडक्टरनं खरंच दोन तिकिटं फाडली. एक बसलेल्या पागोट्याचं, एक उभ्या माणसाचं. पुढच्या थांब्यावर कडेवर लेकरू घेतलेली एक बाई चढली. जागा नव्हती. सगळे तबकाकडं बघायला लागले. माझ्या तोंडात भाषण तयार झालं. तेवढ्यात काका वाकले, कान लावला, सरळ झाले. "पागोटं म्हणते, लेकरूवाली उभी काऊन? तिले बसू दे, मी तिच्या मांडीवर बसतो." बाई बसली. तिच्या एका मांडीवर लेकरू, एकीवर देशमुखाचं पागोटं. लेकरानं जरीचा तुरा तोंडात घातला आणि चिखलीपर्यंत चोखत बसलं. काका कौतुकानं बघत होते.

"काका," मी वैतागून म्हणालो, "हे सगळं ठीक हाये. पण तथी गेल्यावर तुमी काय म्हणसान?"

"मी? मले कोण विचारते?"

"मग?"

"पागोट्याले विचारतीन." आणि ते खिडकीबाहेर बघायला लागले.

सभेला मी गेलो नाही. काकांच्या मागोमाग सोयऱ्यांच्या घरी गेलो, 'मुलीच्या गावचा' म्हणून कोपऱ्यात बसलो. मोठी बैठक. तिकडचे थोरले सोयरे पांढऱ्या कल्ल्यांचे, आवाज चौकात घुमणारा. पागोटं लोडाला टेकून, त्याला चाफ्याचा हार. तुरा अजून थोडा ओला होता. काका उभे, विंझणा हलतोय. मानपान ठरले, तिथी ठरली. तबकात सुपारी आली. मग थोरले सोयरे पागोट्याकडं वळून म्हणाले, "आता एक राह्यलं. आमच्या सूनबाईला हाताखाली माणूस लागंल. पाठराखीण कोण देताव?"

धाकट्या भावानं पानाचा विडा तोंडात घातला. त्याला उत्तर माहीत होतं. काकांनी कान लावला.

विंझणा थांबला. मी त्यांना पागोट्यापुढं कधी विंझणा थांबवताना पाहिलं नव्हतं. किती वेळ गेला कोण जाणे, कोणीतरी खोकलं. मग ते सरळ झाले. मान कलती नव्हती.

"पागोटं म्हणते, आमची लेक एकटी येईन. तिच्यासंगं दुसऱ्याची लेक देणं आमी बंद केलं."

भावाच्या तोंडातला विडा तसाच राहिला. थोरल्या सोयऱ्यांच्या कपाळाला आठी पडली. बैठकीत कुजबुज सुरू झाली. आणि काकांनी पुन्हा कान लावला, अगदी थोडा वेळ.

"पागोटं म्हणते, सुनेले पाणी द्याले तुमच्या घरी माणूस नसन, तं आत्ताच सांगा. सुपारी फोडाच्या आधी."

"नसायला काय झालं?" थोरले सोयरे उसळले. "आमच्या घरी गडीमाणसं उदंड हायती! लोकांच्या पोरी आणायची आमाला काय गरज पडली? फोडा सुपारी!"

"ते तसं नाही," भाऊ घाईनं उठला, "दादाचं म्हणणं..."

"बसा हो. तुमच्याकडं पागुटं बोलत असताना धाकटे मधी बोलतेत का?"

भाऊ बसला. सुपारी फुटली.

मग पहिलं ताट पागोट्यापुढं आलं आणि सगळे जेवून उठल्यावर काकांनी ते मागच्या दारी नेऊन खाल्लं. परतीच्या गाडीत मी त्यांचे खांदे धरून ओरडलो, "काका, जिंकलं तुमी!"

"हळू बोल," ते म्हणाले. "पागोट्याचा डोया लागला."

पण गाडी घराकडं लागल्यावर त्यांचा चेहरा उतरला. भाऊ जीपनं आधीच पोचला होता.

दुसऱ्या दिवशी मी वांग्यांची पाटी मुद्दाम स्वतः घेऊन गेलो. देशमुख बंगईवर, सुजलेला पाय उशीवर. न्हावी पायाला तेल चोळत होता. दूधवाला होता, दोन-चार कुळं होती, मी होतो. काका अंगणात उभे. वच्छला मसाल्याच्या पाट्यापाशी, हात थांबलेला.

"मी काय सांगून पाठवलं होतं बे?" देशमुख म्हणाला.

"वच्छी देतो, असं."

"मग तथी काय बोलला तू?"

"मी काहीच नाई बोललो, सरकार. पागोटं बोललं."

"अबे, पागोटं कधी बोलते का?"

काकांनी अगदी साध्या आवाजात विचारलं, "तं मग सरकार, एवढे दिवस चार गावच्या लोकायनं कोणाचं आयकलं? माह्यं?"

न्हाव्याचा हात पायावरच थांबला. दूधवाल्यानं माप खाली ठेवलं. आम्ही सगळे देशमुखाकडं बघायला लागलो. आमच्यापैकी प्रत्येकाच्या घरच्या कार्यात ते पागोटं येऊन काही ना काही बोलून गेलेलं होतं, आणि प्रत्येकानं त्यासाठी या बंगईपुढं येऊन नारळ ठेवला होता. आता त्यानं 'पागोटं बोलत नाही' म्हटलं, तर अख्खा मुलूख आजवर त्याच्या झाडूवाल्या गड्याच्या हुकमानं चालला असा अर्थ होत होता. देशमुख काही मूर्ख नव्हता. त्यानं आमचे चेहरे एकेक करून बघितले. बंगईची कडी करकरत होती.

"पागोटं म्हणते," तो शेवटी म्हणाला, "ते माह्यंच म्हणणं असते."

"हाव, सरकार," काका म्हणाले.

मसाल्याचा पाटा पुन्हा वाजायला लागला.

बदला त्यानं घेतलाच. पागोटं काकांच्या ताब्यातून काढलं, डांबरगोळ्या घालून कपाटात कुलूपबंद केलं. काकांना शेणाच्या कामाला गोठ्यात लावलं. आता लग्नांना त्याला स्वतः जावं लागायचं, सुजलेला पाय घेऊन. लोकांनी त्याला पहिल्यांदा जवळून पाहिलं. टक्कल होतं, भुरके मारत जेवायचा, आणि आशीर्वादापलीकडं त्याला बोलायला काही सुचायचं नाही. लोक म्हणायचे, "पागोटं बरं होतं. शहाणं होतं, आणि जेवत कमी होतं."

मंडळातले मित्र माझ्या मागं लागले, हे सगळं विजय म्हणून छाप. मी छापलं नाही. एका बापाला आपली पोरगी आपल्या घरात ठेवायला दुसऱ्याच्या डोक्यावरचं फडकं मध्ये घालावं लागतं, यात विजय कसला? ही शरमेची गोष्ट आहे, आणि शरम कोणाची ते मी पहिल्याच वाक्यात 'तो' म्हणून सांगितलेलं आहे. मी गोठ्यात जाऊन काकांनाही हेच ऐकवलं. तुम्ही स्वतःच्या तोंडानं 'नाही' म्हणायला पाहिजे होतं, म्हणालो.

त्यांनी शेणाचे हात धुतले. "पोरगी घरी हाये का?"

"हाये."

"शायेत जाते का?"

"जाते."

"मग तुह्यं काय दुखते, बापा?"

दुखतंय ते दुखतंच. वच्छला सोडून बाकीच्या घरच्या पोरींचं काय, हा माझा प्रश्न अजून तसाच उभा आहे.

वच्छलानं फायनल दिली, मास्तरणीचं शिक्षण घेतलं, आणि तिची नेमणूक वरवट बकालच्या शाळेत झाली. त्या पाडव्याला गावात गड्यांची सालं, म्हणजे वर्षाच्या कामाच्या बोली, बदलल्या तेव्हा काका देशमुखाकडं 'राहतो' म्हणून सांगायला गेलेच नाहीत. भांडण नाही, निरोप नाही. आपलं गाठोडं घेतलं आणि लेकीकडं चालायला लागले. उन्हाचे दिवस होते, तिनं धाडलेली छत्री त्यांनी पूर्ण वेळ स्वतःवर धरली म्हणे. मला हे तिनं सांगितलं, मी खात्री केलेली नाही.

परवा मी वरवट बकालला गेलो होतो. वच्छलाची दोन खोल्यांची जागा, भिंतीला वर्गातल्या पोरांनी काढलेली चित्रं. तिनं कढीगोळे केले होते. आमच्या दोघांपुढं ताटं आली, कढी रटरटत होती. मी जेवायला लागलो. काका ताटापुढं बसून होते, पाटावर, मांडी घालून. दाराकडं बघितलं, खुंटीकडं बघितलं.

"बा, जेव ना," वच्छला म्हणाली. "गरम हाये."

"होऊ दे."

"काय होऊ दे? कोणाची वाट पाहून राह्यला तू?"

त्यांनी खरंच विचार केला. "कोणी जेवाचं राह्यलं तं नाई ना?"

"मी राह्यली. मी तुह्या मागून जेवन. आता खाय."

काकांनी कढीतला एक गोळा उचलला आणि अख्खा तोंडात टाकला. गोळे वरून निवलेले दिसतात, आत डाळ पेटलेली असते, हे आमच्याकडं लहान पोरालाही माहीत असतं. त्यांना माहीत नव्हतं. त्यांचे डोळे मोठे झाले. तोंड उघडलं, हात हलायला लागले, डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. वच्छला पाण्याचा गडवा घेऊन धावली.

त्यांनी हातानंच तिला थांबवलं. गोळा गिळला. भाजलेली जीभ बाहेर काढून वारा घेतला. मग दोघांकडं बघून हसायला लागले.

"पोयलं लेका!" ते म्हणाले. "असं असते व्हय!"

आणि ताट पुढं सरकवलं. "वाढ अजून एक. चुलीवरचाच दे."